पाच नंबरची खुंटी

(देपोर्तिवो केब्राचो फुटबॉल क्लबची कपडे बदलायची खोली. रविवार, दुपारचे बारा. प्रशिक्षक दारिओ आणि खेळाडूंचे कपडे-बूट सांभाळणारे म्हातारे सिक्स्तो.)

सिक्स्तो: नाही काढणार.

दारिओ: काका, इथला प्रशिक्षक मी आहे ना?

सिक्स्तो: तू पाच महिन्यांपासून. मी चाळीस वर्षांपासून. पाच नंबरची जर्सी लिसांद्रोच्या खुंटीवर असते. अकरा वर्षं तिथेच आहे.

दारिओ: आज नाही. आज हरलो तर खालच्या गटात जाऊ आपण, आणि तिथून वर यायला या गावाला मागच्या वेळी चौदा वर्षं लागली. समोरच्या संघाचा आठ नंबर पाहिलात ना? लिसांद्रो छत्तिसाचा झाला. तो वळेपर्यंत ते पोरगं आपल्या गोलपाशी पोचलेलं असतं. आपल्या तरुण इव्हानच्या खुंटीवर टांगा.

सिक्स्तो: लोक जोडे मारतील.

दारिओ: मारू देत. चार क्लबांनी हाकललंय मला. बोलिव्हियात तर बसवर संत्री फेकली होती लोकांनी. गोड होती, खाल्ली मी.

सिक्स्तो: हसतोस काय! लिसांद्रोला सांगितलंस का?

दारिओ: ते... तुम्ही सांगा.

सिक्स्तो: मी?

दारिओ: तुमचं ऐकतो तो. आता येईलच. तुम्ही माते भराल, तो कडू चहा पीत इकडचं तिकडचं बोलाल, हळूच सांगाल. मी तेवढ्यात मैदानाचं गवत बघून येतो.

सिक्स्तो: अरे वा रे वा! बावीस वर्षं ज्याच्या नावाने खडे फोडलेस, तो तुझा जुना प्रशिक्षक बेर्गारा आज तुझ्याच अंगात आला की!

दारिओ: त्या माणसाचं नाव काढू नका. माझी तुलना त्याच्याशी?

सिक्स्तो: मग कोणाशी करू? त्यानेही तुला तोंडाने सांगितलं नव्हतं.

दारिओ: मीही छत्तिसाचाच होतो, काका. रोसारिओत खेळलो, मेक्सिकोत खेळलो, गुडघा दोनदा कापून घेतला. शेवटची दोन वर्षं आपल्या गावासाठी खेळायचं म्हणून परत आलो. शेवटचा सामना, असाच रविवार. मी शीळ घालत दार उघडलं, आणि माझी खुंटी रिकामी. जर्सी शेजारच्या खुंटीवर! लाकूडतोड्यांनी क्लब काढला, निम्म्यांना यादी वाचता येत नव्हती, म्हणून जर्सी टांगायची रीत पडली. आज सगळ्यांना वाचता येतं, तरी बोलते ती खुंटीच. बेर्गारा कोपऱ्यात उभा होता. माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही त्याने.

सिक्स्तो: नाहीच बघितलं. तू बॅग उचलून निघालास तेव्हा तो माझ्याकडे बघत होता.

दारिओ: तुमच्याकडे कशाला?

सिक्स्तो: बस जरा.

दारिओ: उभा बरा आहे मी.

सिक्स्तो: आदल्या दिवशी बेर्गारा तुझ्या घरी यायला निघाला होता. टोपीसुद्धा घातली होती. मीच त्याला अडवलं. म्हटलं, तुम्ही राहू द्या, दारिओ मला पोटच्या पोरासारखा, मी नीट समजावून सांगतो. तो म्हणाला, नक्की? मी म्हटलं, नक्की.

दारिओ: ...तुम्ही आला होतात शनिवारी. आठवतंय मला. आईने बसवून घेतलं होतं.

सिक्स्तो: आईने माते दिला. पहिला प्यायलो, तेव्हा म्हटलं, आता सांगतो. तर तुझ्या मामांची गाडी आली, तीनशे किलोमीटरवरून, पाच माणसं भरून. दुसरा प्यायलो. तुझी आई म्हणाली, उद्या माझा दारिओ शेवटचं खेळणार, मी सगळ्या गल्लीला जेवायला बोलावलंय. तिसरा प्यायलो. मग थँक्यू म्हणून ग्लास परत केला आणि घरी आलो. जीभच उचलली नाही रे माझी.

दारिओ: आणि बेर्गाराला?

सिक्स्तो: त्याला रविवारी सकाळी सांगितलं. मला वाटलं, थोबाडीत मारेल. तो म्हणाला, गप्प बस सिक्स्तो. मी आज ना उद्या हे गाव सोडणार. तुला इथेच राहायचंय.

दारिओ: मी पेपरात त्याला भेकड म्हटलं. तीनदा म्हटलं!

सिक्स्तो: कात्रणं आहेत माझ्याकडे.

दारिओ: आसुन्सिओनच्या हॉटेलात तो समोर आला. हात पुढे केला त्याने. मी माझे हात खिशात घातले, काका. सगळ्या माणसांसमोर. आणि तरी त्याने तुमचं नाव घेतलं नाही. गेल्या हिवाळ्यात तो गेला, तर मी साधं फूलही पाठवलं नाही. तुम्हाला एकदाही वाटलं नाही, सांगावं म्हणून?

सिक्स्तो: रोज वाटायचं. रोज एका दिवसाने अवघड व्हायचं. शिव्या घाल, मार, काय करायचं ते कर. पण आज मला सांगायला लावू नकोस. मी पुन्हा तीन माते पिऊन घरी जाईन.

लिसांद्रो: (दारातून आत येत) काय मास्तर, कोण मेलंय? तोंडं कशाला पाडलीत? आज सासुरवाडी आख्खी आलीये, ट्रकमधून! सासरा ढोल घेऊन आलाय. काका, भरा एक माते.

दारिओ: थांबा काका, भरू नका. लिसांद्रो, आधी माझं ऐक. आज तू सुरुवात करणार नाहीस. पाच नंबर इव्हान खेळेल.

लिसांद्रो: ...थट्टा करताय.

दारिओ: नाही.

लिसांद्रो: जर्सी तर माझ्याच खुंटीवर आहे.

दारिओ: ती उतरायच्या आधी तुला सांगायचं होतं.

लिसांद्रो: का? मेलोय मी? बुधवारी सरावात सगळ्यांत पुढे कोण होतं?

दारिओ: तू होतास. पण त्यांचा आठ नंबर तुझ्या पाठीमागून निसटणार. तुलाही माहीत आहे. त्यांच्याशी पहिल्या सामन्यात दोनदा निसटला, दोन्ही वेळा तू त्याची जर्सी ओढलीस.

लिसांद्रो: अकरा वर्षं, मास्तर! ताप अंगात घेऊन खेळलोय या गावासाठी. लाज नाही वाटत?

दारिओ: वाटते. म्हणून तर तुझ्याकडे बघून बोलतोय.

लिसांद्रो: आणि मी आत्ता बॅग उचलून चालता झालो तर?

दारिओ: अडवणार नाही. मी गेलो होतो असाच. त्या दिवशी आपण एक-शून्य जिंकलो. मला ते पेट्रोलपंपावरच्या रेडिओवरून कळलं. इतकी वर्षं लोक मला तो गोल हातवारे करून दाखवतात, आणि मी मान डोलावतो. पाहिलेला नाही मी तो. माझं गाव वाचलं, आणि मी पेट्रोल भरत होतो.

लिसांद्रो: ...इव्हानला माहीत आहे?

दारिओ: अजून नाही.

लिसांद्रो: वांती करेल तो. मागच्या वेळी बदली म्हणून उतरायचं होतं, तरी केली होती.

सिक्स्तो: माझ्याच बुटांवर.

लिसांद्रो: आणि आठ नंबर उजवीकडे जायचं दाखवतो आणि डावीकडे वळतो, हे कोणी सांगितलंय त्याला? नाही ना? वाटलंच. आणा ती जर्सी इकडे.

दारिओ: काय करतोस?

लिसांद्रो: खुंटीवर एकदम दिसली तर पोराची दातखिळी बसेल. मीच देतो त्याच्या हातात. तुमच्यासाठी नाही हं, मास्तर. तुमच्यावरचा राग तसाच आहे.

दारिओ: असू दे. सासऱ्यांना मी सांगू का?

लिसांद्रो: नको. माझं मी सांगतो. ढोल तेवढा काढून घ्यावा लागेल आधी, नाहीतर डोक्यात घालेल तुमच्या.

सिक्स्तो: ...गेला. खांदे पाडून गेला रे.

दारिओ: बॅग इथेच आहे त्याची.

सिक्स्तो: हो की. इथेच आहे.

दारिओ: काका, बेर्गाराला पुरलं कुठे?

सिक्स्तो: सांता फेला. बसने चार तास. मी दोनदा जाऊन आलोय. काही बोलता आलं नाही तिथेही.

दारिओ: उद्या जाऊ. हरलो तरी, जिंकलो तरी. आधी मी बोलणार, मग तुम्ही.

सिक्स्तो: बरं. मातेचा थर्मास घेऊ बरोबर?

दारिओ: घ्या. पण दोघांचं बोलून झाल्याशिवाय उघडायचा नाही.