चार दिवसांचा अर्ज

भगवानराव : “किती दिवसाचं आलाव?” दारातच विचारायची तुझी आई. खांद्यावरची पिशवी खाली ठेवू द्यायची न्हाई. तिला जाऊन तीन वर्षं झाली, पण तो आवाज तसाच हाय कानात.

गीतांजली : माझ्याही आहे अप्पा. दुसरीत असेन मी तेव्हा. पण ती तुम्हाला, एसटीच्या ड्रायव्हरला, विचारायची, किती दिवस राहणार. मला इनचार्ज सिस्टर विचारतात, किती दिवस जाणार. पाचच्या आत रजेच्या अर्जाचा फोटो पाठवायचाय, ड्युटी चार्ट लागतो आज.

(भोकर. एप्रिलमधला रविवार, उतरती दुपार. ओसरीत सिंधुआत्या शेवयांचं पीठ तिंबत बसलेल्या.)

भगवानराव : अन् तू चार लिवलंस.

गीतांजली : चार पुरतात. बुधवारी हळद, गुरुवारी लग्न, शुक्रवारी त्यांच्याकडं जळकोटला सत्यनारायण, शनिवारी परत. रविवारी युनिट बंदच असतं. सोमवारी सातच्या शिफ्टला हजर.

सिंधुआत्या : चार दिवसांत अंगाची हळद तरी उतरती का गं? पिवळ्या हातानं सुया टोचणार व्हय पेशंटला?

गीतांजली : ग्लोव्ह्ज असतात आत्या.

सिंधुआत्या : असतेत बाई. तुझ्याकडं सगळ्याला उत्तर हाय. हात पिठात हायेत म्हून, न्हाईतर तो कागद मीच फाडला असता. मांडवपरतणीला माहेरी कोण येणार, तुझा फोटो? माहूरला रेणुकेची ओटी, माळेगावला खंडोबा... का देवानंच यायचं तुझ्या युनिटला, सोमवारी सातला?

गीतांजली : देव कुठं जातोय? दिवाळीत जाऊ.

भगवानराव : दवाखान्यानं किती देतो म्हणलंय?

गीतांजली : दहापर्यंत.

सिंधुआत्या : ऐक दादा! ते दहा देऊन राहिलेत अन् ही चार घेऊन राहिली. उरलेले सहा काय लोणचं घालायला ठेवले का गं?

गीतांजली : डायलिसिसची सहा मशीन आहेत आणि आम्ही दोघी. मी गेले की सगळं बुद्धप्रियावर पडतं. अर्धापूरचे एक मामा येतात, त्यांची नस दुसऱ्या कुणाला धड सापडत नाही. परवा म्हणाले, पोरी, लगीन कर, पण लवकर ये.

भगवानराव : बुद्धप्रिया काय म्हणली?

गीतांजली : ती काय म्हणणार.

भगवानराव : मी इचारलं, काय म्हणली.

गीतांजली : दहा घे म्हणाली. तिच्या लग्नात मी बारा दिवस दोन्ही शिफ्ट ओढल्या होत्या. आता माझी पाळी, म्हणाली.

भगवानराव : मग आडवं कोण येऊन राहिलं?

गीतांजली : कुणी नाही अप्पा. थकलेय मी. आता हा हिशेब नको वाटतो. चार लिहिलं, संपलं.

सिंधुआत्या : थकलेलं माणूस सुट्टी मागतंय, अशी आमची समज. हे नवीनच ऐकून राहिले. अन् लखनरावांनी किती घेतली?

गीतांजली : पंधरा. ट्रॅक्टरच्या शोरूमला काय, सीझन संपलाय.

सिंधुआत्या : वा! नवरदेव पंधरा दिवस मोकळा अन् नवरी सोमवारी गायब. तू नांदेडला, तो लातूरला. हे लगीन हाय का बदलीचा हुकूम?

गीतांजली : बदलीसारखंच समज. लातूरला जागा मिळेपर्यंत मला नांदेड सोडता येत नाही, हे त्यांना आधीच सांगितलंय.

सिंधुआत्या : म्हून तर म्हणते, जितके मिळतेत तितके घे. असं पीठ तिंबताना वहिनी एक ओवी म्हणायची. तिची तिनंच जोडलेली.
“लाल गाडीच्या चाकाला, किती गावं गं लागली
माझ्या दाराची पायरी, त्याला वाटंत घावली.”

भगवानराव : पुरे कर सिंधु.

सिंधुआत्या : पुरे तर पुरे. वारं सुटलंय, गच्चीवरच्या कुरडया उलटून येते. तुम्ही बापलेक बसा कागदाकडं बघत.

भगवानराव : गीता, आत्या न्हाई आता. खरं सांग माय, पोरगा पसंत न्हाई का?

गीतांजली : आहे. चांगला आहे तो. हळू बोलतो. हॉटेलात वेटरलासुद्धा ‘अहो’ म्हणतो.

भगवानराव : मग?

गीतांजली : दहा दिवस काय बोलायचं अप्पा? दोनदा भेटलोय आम्ही, तेही चार माणसांत. मशीनपाशी मला कळतं. हातावर बोट ठेवलं की खाली नस थरथरते, सुई कुठं द्यायची ते कळतं. अलार्म वाजला की काय बिघडलंय ते कळतं. पण त्या घरात सकाळी उठल्यावर मी नेमकं कुठं उभं राहायचं? स्वयंपाकघरात? अंगणात? सगळे बघत असणार. तोही बघत असणार.

भगवानराव : हं.

गीतांजली : आणि चार दिवसांनी बिघडतं काय? तुम्हाला तर लग्नाच्या तिसऱ्याच दिवशी साहेबांनी ड्युटीवर बोलावून घेतलं. आईनं केलाच ना संसार.

भगवानराव : केला.

गीतांजली : मग?

(भगवानराव अर्ज उचलून पुन्हा खाली ठेवतात.)

गीतांजली : अप्पा? रागावलात?

भगवानराव : साहेबानं बोलावलं न्हवतं.

गीतांजली : म्हणजे?

भगवानराव : सात दिवसाची रजा मंजूर होती माझी. सही-शिक्क्यासकट.

गीतांजली : पण आई तर...

भगवानराव : तिला मीच तसं सांगितलं. घर पाहुण्यांनी भरलेलं. ती आत, मी बाहेर. तिसऱ्या दिवशी सकाळी पाणी घेऊन आली अन् उभी राहिली. आता ग्लास घेऊन जाईल, मग जाईल, मी वाट बघून राहिलो. जाईना. माझ्याकडून ऐकायचं होतं तिला कायतरी. काय बी. घाटात ब्रेक लागला न्हाई तवाबी भ्यालो न्हवतो, तसा भ्यालो. म्हणलं, साहेबाचा निरोप हाय, जावं लागतंय.

गीतांजली : आणि गेलात?

भगवानराव : गेलो. देगलूर डेपोत. कंट्रोलर म्हणला, नवरदेव, इकडं कुठं? म्हणलं, घरी काय काम न्हाई. सगळे हसले. मीबी हसलो. गाडी चालू केली, इंजिनाचा आवाज आला, अन् जीव भांड्यात पडला बघ. दोन दिवस खुशीत होतो मी, गीता. हे सांगायचीबी लाज वाटती.

गीतांजली : आई त्या साहेबाला नावं ठेवायची. कायम.

भगवानराव : तीस वर्षं. “मेल्याला लेकरंबाळं न्हाईत का,” म्हणायची. भला माणूस होता तो. मी खाली मान घालून जेवायचो. एकदा तीन दिवसाची सवय लागली की सगळ्याला तीनच दिवस पुरतेत माय. बाळंतपणाला तीन. सणाला तीन. रिटायर झालो तवा म्हणलं, आता बसू हिच्यापाशी. बसलो बी. तर दोघांनाबी कायच सुचंना. मी पेपर वाचायचो, ती तांदूळ निवडायची. निवडलेले.

गीतांजली : तिला कधी सांगितलं नाहीत? शेवटी तरी?

भगवानराव : न्हाई. पहिल्यांदा तुलाच सांगून राहिलो.

गीतांजली : किती लिहू मग?

भगवानराव : ते मी कोणत्या तोंडानं सांगू?

गीतांजली : चार खोडलंय. पुढची जागा कोरी ठेवलीय.

भगवानराव : ऱ्हाऊ दे जरा. पाच वाजायला वेळ हाय.

गीतांजली : अप्पा, काल लखनचे दोन फोन आले. मी मेसेज टाकला, ड्युटीवर आहे म्हणून.

भगवानराव : असंल. शनिवार होता.

गीतांजली : ड्युटीवर नव्हते. सुट्टी होती मला काल. रूमवर होते, एकटीच. फोन वाजत होता आणि मी त्याच्याकडं बघत बसले होते.