यहूदाचा दिवा खिडकीत

आम्ही मूळचे अलिबागकडचे बेने इस्राएल, म्हणजे मराठी ज्यू, गावात आम्हाला शनवार तेली म्हणायचे, कारण तेलाचा घाणा आणि शनवारी बंद, माहेरही तसंच नि सासरही तसंच, आणि नशिबानं आणून टाकलं कुठं तर जर्मनीत, वोल्फ्सबुर्गला. आमचे हे गाड्यांच्या कारखान्यात इंजिनियर. नाव यहूदा, पण इथं आल्या दिवसापासून सगळ्यांना सांगितलं राजेश. मला म्हणाले, हा देश कुठला ते विसरू नकोस, आपण इंडियन, बास. मीही दिवाळीला शेजाऱ्यांकडे चकल्या दिल्या, काय सांगू तुम्हाला!

मग एका हिवाळ्यात सासूबाई आल्या. त्यांचे वडील आमच्या समाजातले कीर्तनकार, त्यामुळे हनुक्का, आमचा दिव्यांचा सण, आला की सासूबाई यहूदा मक्काबीचं आख्यान लावणारच. परक्या राजानं फर्मान काढलं, शनवारचा शब्बाथ पाळायचा नाही, आणि मंदिरात डुकराचा बळी दिला, तेव्हा हा यहूदा मूठभर माणसं घेऊन डोंगरात शिरला, गनिमी काव्यानं हत्तीवाल्या फौजेला जेरीला आणलं, मंदिर सोडवून दिवे लावले. म्हणून आपणही दिवा खिडकीत लावायचा, रस्त्यावरून दिसला पाहिजे. हे म्हणाले, आई, स्वयंपाकघरात लाव ना. त्या म्हणाल्या, तुझं नाव मी कुणावरून ठेवलं रे? यांनी पडदा ओढला, त्यांनी सरकवला.

आणि झालं काय, आमच्याकडे पेल्यात पाणी घालून वर खोबरेल ओततात, त्यात वात. सासूबाईंनी गावाहून खोबरेलच आणलेलं. खिडकीतल्या गारठ्यानं ते थिजलं नि वात फरफरून विझली. तेल्याच्या घरच्या आम्ही, दोघींच्याही डोक्यात आलं नाही! यांचा जीव भांड्यात पडला, म्हणाले, बघ, देवाच्याच मनात नाही. सासूबाई मटकन खुर्चीत बसल्या. भीती मलाही होती हो, शाळेत लेकीला कुणी काही बोललं तर, यांच्या नोकरीत काही झालं तर, पण त्या बाईचं तोंड बघून मला यांचा असा राग आला, मी तेल कोमट केलं, पुन्हा ओतलं, वात लावली आणि पडदा पुरता उघडला.

थोड्या वेळानं बेल वाजली. दारात खालच्या मजल्यावरचे म्हातारे क्राऊझे. खिडकीकडे बोट करून म्हणाले, पुन्हा दिवाळी का? यांचं नेहमीचं ‘या, गेनाऊ’, म्हणजे हो, अगदी बरोबर, आता येणार, मला ठाऊक. पण सासूबाईंना जर्मन येत नसलं तरी दिवाळी शब्द कळला. त्या नुसत्या लेकाकडे बघत राहिल्या. हे म्हणाले, आल्झो, म्हणजे असं की... आणि थांबले. मग म्हणाले, नाही, दिवाळी नाही, आम्ही ज्यू आहोत. माझं नाव यहूदा.

क्राऊझे मान खाली घालून जिना उतरले. का, ते आम्हाला कधी कळलं नाही. नमस्कार आजही करतात, पण नजर देत नाहीत.

सासूबाई वारल्या आता. हे ऑफिसातही यहूदाच झालेत. भीती गेली म्हणाल तर नाही, शिनेगॉगच्या, आमच्या प्रार्थनामंदिराच्या, दारात पोलीस उभा असतो, तो बघितला की अजून छातीत धस्स होतं. पण इतकी वर्षं रात्रभर कूस बदलणारा माझा नवरा हल्ली गाढ झोपतो. सुखी राहा बाई, तुम्हालाही देव तशी झोप देवो.