टँकर आधी वस्तीत

लातूर जिल्हा नुकताच वेगळा झाला होता आणि दुष्काळ होता. माझी बायको पार्वती वारल्यापासून घरात बसवत नसे, म्हणून मी स्टँडवर जाऊन बसायचो. त्या दिवशी शेजारी एक ग्रामसेविका आणि तिचा थोरला भाऊ बोलत होते.

"शिवकन्या, चूक झाली म्हण. साहेब सस्पेंडची ऑर्डर उद्याच मागं घेतेत."

"चूक कोनती, दादा? टँकर आधी बौद्धवस्तीत उभा केला, ही?"

"टँकर गावच्या हिरीत रिकामा करायचा, असाच रिवाज हाय."

"त्या हिरीला वस्तीतल्या बायांना हात लावू देतेत का? कोनी घागरीत ओतंल म्हणून उन्हात बसून राहतेत."

"आपली भावकी बोलंना झाली."

"न्हाई बोलू दे. मी माफी मागितली की टँकर पुन्हा हिरीवर जाईल."

"नव्या साहेबाला लई मिजास हाय."

"म्हणून तर औरंगाबादच्या कोर्टात चालले. तिथं त्याची मिजास चालत न्हाई."

"हरलीस तर?"

"तर घरी बसंन. पन चुकले म्हणनार न्हाई."

"लहानपणापासून अशीच हट्टी."

"तुझ्यावरच गेले."

औरंगाबादची गाडी लागली. भाऊ पळत गेला आणि खिडकीतून त्याने आपली टोपी सीटवर टाकली.

"पिशवी दे इकडं. शेजारच्या सीटवर टाकतो."

"तू कुठं निघाला?"

"वकिलाकडं. त्या बायांना उन्हात बसलेलं मी बी पाहिलंय."