सुशीलाची पानफुटी

ऐन दुष्काळात एखादं रोप पाण्यानं मेलेलं तुम्ही कधी पाहिलंय का? आमच्या घरात ते झालं.

बहात्तर सालची गोष्ट. माझी नणंद सुशीला अंबडला सासरी बाळंतपणात वारली. तिनं माहेरी डालड्याच्या डब्यात लावलेली पानफुटी तेवढी मागं राहिली होती. सासूबाई रोज तिच्याशी बोलायच्या. टँकर दोन दिवसांआड यायचा. मी माझ्या वाट्यातलं पेलाभर पाणी गुपचूप तिला घालायचे.

एक दिवस देठ कुजून रोप कोसळलं. पानांचासुद्धा चिखल झाला.

सासूबाई म्हणाल्या, "मी रोज माझ्या पिण्यातलं घालून राह्यले, तरी कशी गेली?"

सासरे मान खाली घालून म्हणाले, "मीबी घालत होतो."

"आत्याबाई, मीपण," मी सासूबाईंना म्हणाले.

शेजारच्या खाला डबा बघून हळहळल्या, "अगं बाई, तिला पाणी लागतच न्हाई. तिच्या पानातच असतंय."

सासूबाई डबा मांडीवर घेऊन बसल्या. "तहानेनं मरंल म्हणून भ्याले, आन् मीच बुडवली गं पोरीला."

दुसऱ्या दिवशी सकाळी टँकर आला. सासूबाई जाग्या होत्या, पण घागर घेऊन उठल्या नाहीत.