तपासणीचे कागद चुलीत घातल्याबाबत

माझे नाव विन्सेन्स हलादिल, वय ४७ वर्षे, धंदा लाकडी पिंपे बांधणे, राहणार ड्रानोव्हित्से, खालची आळी, घर नंबर ३१, मोराविया. आज गुरुवार दि. १६ फेब्रुवारी १९११ रोजी पोलीस ठाण्यात बोलावल्यावरून स्वतः हजर आहे आणि विचाराल ते सांगतो.

अंमलदारांनी आधी भाषेचा रकाना भरायला घेतला. डिसेंबरात खानेसुमारीवाले हेच विचारून गेले, जानेवारीत मतदार यादीवाले, आणि आता शाळावाले. घरात मी चेक बोलतो, गिऱ्हाइकाशी जर्मन. माझी आई जर्मन घरातली होती. अंमलदार म्हणाले, दोन्ही लिहिता येत नाही. मग तुम्हाला सोपे पडेल ते लिहा, असे मी सांगितले. काय लिहिले ते पाहिलेले नाही.

घरी मी, बायको अपोलेना, मुलगी बोहुमिला वय १० आणि हर्मीन वय १०, असे चौघे राहतो. हर्मीन आमची मुलगी नाही. ओबर्नफेल्ड येथील काकडीचे बागायतदार लेओपोल्ड क्राइसल आणि त्यांची बायको रोझालिया यांची ती मुलगी. त्यांच्या काकड्या खारवायला पिंपे माझीच जातात.

आमच्या भागात मुले बदलण्याची पद्धत आहे. चेक घरचे मूल वर्षभर जर्मन घरी राहते, त्यांचे आपल्याकडे येते, आणि दोघांना दुसरी भाषा येते. कोणी कोणाला काही देत नाही, फक्त मुलाबरोबर त्याची उशी जाते. ज्या घरी राहील त्या घरच्यांना मूल आई-बाबाच म्हणते. मी स्वतः दहाव्या वर्षी क्राइसलांकडे होतो आणि लेओपोल्ड आमच्याकडे, माझ्याच पलंगावर. त्या वर्षात आम्ही एकमेकांना दोनदाच पाहिले, जाताना आणि परत येताना, पुलावर दोन्ही गाड्या थांबवून मुले इकडून तिकडे चढवली तेव्हा. तरी त्याच्याइतके जवळचे मला कोणी नाही.

आमच्या मुलींचे वर्ष गेल्या २९ सप्टेंबरला संपले. त्या दिवशी लेओपोल्ड बोहुमिलाला घेऊन पुलावर आला. हर्मीनला मी नेले नव्हते, कारण त्याने तसा निरोप पाठवला होता. तो मला बाजूला घेऊन म्हणाला, ‘‘विन्सेन्स, माझी पोर अजून काही दिवस ठेव रे. रोझालियाच्या खोकल्यातून रक्त पडतंय. डॉक्टर म्हणतो पोरीला जवळ येऊ देऊ नका.’’

मी म्हणालो, ‘‘ठेव म्हणजे काय? ती आहेच की.’’

‘‘तिला सांगू नको मात्र. कळलं तर पायी पळत येईल.’’

मी शब्द दिला. हर्मीनला आम्ही सांगितले की तिच्या घराचे छप्पर काढले आहे, नवीन बसले की जायचे. ती दर रविवारी छपराचे विचारायची. एकदा म्हणाली, ‘‘बाबा, एवढ्या दिवसांत तर चर्च बांधून झालं असतं.’’ अपोलेना उठून कोंबड्यांकडे गेली. मी काहीतरी थाप मारली.

आमची मुलगी परत आली आणि त्यांची गेली नाही, एवढेच बाहेर दिसत होते. त्यावरून जर्मन शाळामंडळाने अर्ज केला की एक जर्मन मूल चेक शाळेत अडकवून ठेवले आहे, ते परत द्यावे. कायद्याने त्यांना तसे मागता येते. चेक मंडळाने उलट अर्ज केला की मूल आता चेक झाले आहे. दोन्ही अर्ज माझ्या नावाने नव्हते. मला कोणी विचारले नाही, लेओपोल्डलाही नाही.

सोमवार दि. १३ रोजी लेओपोल्डचे पत्र आले. रोझालिया गुरुवारी दि. ९ रोजी गेली, शनिवारी पुरली. रस्ता बर्फाने बंद होता. पत्रात होते की तो येत्या रविवारी प्रार्थनेनंतर येईल आणि पोरीला स्वतः सांगेल, तोवर कोणी बोलू नये. पत्र मी कोटाच्या आतल्या खिशात ठेवले. मला वाईट वाटले, फार वाटले. त्याच दिवशी तीन पिंपांना लोखंडी पट्टे ठोकले.

मंगळवारी दि. १४ रोजी सकाळी अकराच्या सुमारास दोन गृहस्थ मुलीची भाषा तपासायला घरी आले. जर्मन बाजूने वकील गस्नर, चेक बाजूने मास्तर ओस्ताडाल. चुलीवर सूप होते. बोहुमिला शाळेत होती. हर्मीनला तपासणीसाठी घरी ठेवण्याचा हुकूम होता.

गस्नर म्हणाले, ‘‘तुमची मुलगी सप्टेंबरात घरी आली. क्राइसलांची का नाही गेली?’’

‘‘कारण आहे साहेब. जरा अंगणात चला, सांगतो.’’

‘‘जे काय असेल ते मुलीसमोर आणि कागदावर.’’

ओस्ताडाल म्हणाले, ‘‘हलादिल, घाबरता कशाला? मी आहे ना तुमच्या बाजूने.’’

‘‘मास्तर, मला बाजू नको. दोन मिनिटं बाहेर या, एवढंच म्हणतोय.’’

अपोलेना म्हणाली, ‘‘अहो, आधी गरम सूप घ्या दोघं. तोवर पोरगी कोंबड्यांना दाणे घालून येते.’’

‘‘बाई, आम्ही जेवायला आलेलो नाही,’’ गस्नर म्हणाले. मग त्यांनी हर्मीनला विचारले, ‘‘तू आईशी कोणत्या भाषेत बोलतेस?’’

ती म्हणाली, ‘‘कुठल्या आईशी?’’

आमच्याकडे राहिलेले कोणतेही मूल हेच विचारील. मास्तर मोठ्याने हसले. गस्नरांना तो अपमान वाटला. ‘‘तुला एकच आई आहे मुली, हे बघ, इथे सरकारी कागदात लिहिलंय,’’ असे म्हणून त्यांनी पाद्रीबाबांचा दाखला काढला आणि वाचला. बाप लेओपोल्ड क्राइसल, हयात. आई रोझालिया क्राइसल, मयत, दि. ९ फेब्रुवारी. माझ्या मते गस्नरांनी तो कागद तेव्हाच पहिल्यांदा नीट वाचला. ते मध्येच थांबले. मुद्दाम केले असे मी म्हणत नाही.

हर्मीन अपोलेनाच्या पोटाशी गेली आणि आमच्या घरात आईला चेकमध्ये म्हणतात तसे ‘‘मामिन्को’’ म्हणाली. ओस्ताडाल मास्तरांनी पेन्सिल काढली. म्हणाले, ‘‘नोंद करा वकीलसाहेब, दुःखात मूल चेक बोलतं.’’ गस्नर म्हणाले, ‘‘हरकत. हे शिकवलेलं आहे.’’ दोघे उभे राहून वाद घालू लागले. पोरगी मध्ये होती.

तेव्हा मी दोघांच्याही हातातले कागद घेतले आणि चुलीत घातले. गस्नर बाहेर काढायला गेले, त्यात त्यांची बाही भाजली. नंतर मी दोघांना दाराबाहेर ढकलले. पायरीवर बर्फ होते, गस्नर पडले, गुडघ्याला लागले. हे सर्व मी केले. तक्रारीत लिहिली आहे तशी हातोडी वगैरे काही नव्हती, ती कारखान्यात होती.

हे मी राष्ट्रीय द्वेषातून केले का, असे विचारल्यावरून सांगतो की नाही. ओस्ताडाल मास्तर चेक आहेत, त्यांनाही तेवढ्याच जोराने ढकलले. ते पडले नाहीत, एवढाच फरक.

दंड, कैद, जे काय असेल ते मला मान्य आहे. एकच विनंती आहे. तपासणी अपुरी राहिली म्हणून ते दोघे उद्या शुक्रवारी पुन्हा येणार आहेत. नियम असा की मूल स्वतःच्या तोंडाने आपल्या घराविषयी बोलेल आणि त्यावरून ते कोणाचे हे ठरेल. मंगळवार दुपारपासून हर्मीन बोललेली नाही. अपोलेनाने चेकमध्ये विचारून पाहिले, मी जर्मनमध्ये. पाणी मागायचे तरी ती भांड्याकडे बोट दाखवते. मला आजच आत घाला, पण त्या दोघांना रविवारच्या आत आमच्या घरी पाठवू नका. रविवारी तिचा बाप येतो आहे. त्याच्यासाठी मी एकच काम राखून ठेवायचे होते, आणि ते माझ्या स्वयंपाकघरात दुसऱ्याने उरकले.

माझे सांगणे अंमलदारांनी जर्मनमध्ये लिहिले आणि मला चेकमध्ये ऐकवले. मी सांगितले तसेच आहे. शुक्रवारची तपासणी पुढे ढकलण्याचा अधिकार या ठाण्याला नाही, असे मला दोन्ही भाषांत समजावून दिले.

सही, विन्सेन्स हलादिल