कॅमेऱ्याला लावलेलं हळदकुंकू

माझं रीळ कधी वाया गेलं का म्हणून विचारताय, तर येळ्ळूरचं सांगतो, कप ठेवा खाली. लढाईचे दिवस होते, रीळ कुठं मिळत न्हवतं. लई खटपट करून एकच मिळवलं आणि परशरामअण्णांसाठी राखून ठेवलं. दोरी न लावता, नुसत्या हातानं मातीचे गोळे थापून सरळ भिंत घालणारे गावात ते एकटेच उरले होते.

गोठ्याची भिंत घालायची होती. आधी हत्यारांची पूजा, म्हणून फावडं, थापी, घागर ओळीनं मांडलेली. त्यांच्या शेजारी कॅमेरा ठेवून मी चहाला गेलतो. आलो तर अण्णा चिखलात उतरलेले. पळत जाऊन कॅमेऱ्याची चावी फिरवली. भिंगाच्या वर बघायचं वेगळं बारीक भोक असतं, त्यातनं बघतोय, तर एकेक गोळा असा नेमका बसतोय की डोळा काढवेना. सगळं रीळ त्यावर संपवलं.

रीळ धुऊन आल्यावर त्याच भिंतीला चुना देऊन सिनेमा दाखवला. सगळं गाव जमलं. भिंत दिसली, पाय दिसले, आणि हातांच्या जागी सबंध वेळ एक मोठा काळा डाग.

अण्णांची बायको, आक्का, हळूच म्हणाली, "पूजेत तुझं बी हत्यार हुतं की रं. त्येचं कपाळ कुठं घावलं न्हाय, म्हणून डोळ्यालाच हळदकुंकू लावलं."

मी डोकं धरून बसलो. अण्णा मात्र खूश.

"बरं झालं की. आता शिकायचं असंल त्येला माझ्याकडंच यायला लागंल. उद्या सकाळी तूच ये, पायताण काढून."

तुम्ही आता टेकून बसलाय ना, ती भिंत मी घातलीय. दोरी न लावता.