कोंबड्याचे शेंडे

विनिपेगच्या नर्सरीत बिलाच्या रांगेत उभ्या असलेल्या अक्षताच्या कानावर मराठी पडली, तशी ती पुढे सरकली. समोर एक मुलगी खताची पिशवी घेऊन उभी होती, शेजारी तिची आई.

“आई, कोंबड्याच्या रोपांचे सगळे शेंडे खुडलेस! तिथेच फुलं येणार होती.”

“मला ती कुरडू वाटली गं. पानं तश्शीच. आपल्याकडे कोवळी खुडून भाजीच करतात. तूही दोनदा वाढून घेतलीस.”

“आता फुटवे येतील, झाड मस्त बुशी होईल. पण फुलं पंधरा दिवस लांबली. तुझी फ्लाइट महिनाअखेरीला. म्हणून हे लवकर फुलायचं खत घेतेय.”

“फुलं बघितल्याशिवाय मी विमानात पाय ठेवणार नाही. तिकीट पुढे ढकल.”

“खरंच थांबशील?”

“थांबणार म्हणजे थांबणार. तुझ्या बाबांना सकाळीच फोनवर सांगून टाकलंय.”

“मग आता झाडांना हात लावायचा नाही.”

“का? फुटवे आले की परत भाजी करते. अजून पंधरा दिवस मिळतील.”

मुलगी रांगेतून बाहेर पडली. अक्षताने बाजूला होऊन वाट दिली आणि मुलीने खताची पिशवी परत शेल्फवर नेऊन ठेवली.